पानं गळाली म्हणून चेरीचं पाणी तोडू नका

पत्र असं आहे (थोडं छाटून देतेय):

"ताई, दोन वर्षांपूर्वी अंगणात फुलांची चेरी लावली, कांझान जातीची. खोड आता साधारण 4 सेंटीमीटर जाड आहे. आमच्याकडे हिवाळा कडक, पारा उणे 20 च्या आसपास जातो, आणि माती चिकण. उन्हाळ्यात लॉनचा स्प्रिंकलर रोज चालतो, वर संध्याकाळी मी बुंध्यात एक बादली पाणी ओततेच, तरी या वर्षी पानं पिवळी पडून गळत राहिली. गेल्या वर्षी पानगळ सुरू झाल्याबरोबर पाणी बंद केलं कारण सगळे म्हणाले झाड आता झोपलं. वसंतात बघते तर वरचे शेंडे वाळलेले आणि फुलं अगदी मोजकी. खोडावर डिंकाचा एक थेंबपण आलाय. आता परत पानगळ सुरू झालीय. नवरा म्हणतो पाणी बंद कर, शेजारीण म्हणते हिवाळाभर घाल. काय करू? आणि कुंडीत एक झुकत्या फांद्यांची छोटी चेरी आहे, तिचं काय?"

नवऱ्याचं ऐकलंत तर शेंडे परत वाळतील आणि शेजारणीचं ऐकलंत तर मुळं कुजतील, त्यामुळे तूर्तास दोघांनाही थांबवा. तुमचा प्रश्न हिवाळ्याचा आहे पण मला आधी खटकली ती उन्हाळ्यातली संध्याकाळची बादली, कारण पिवळी पानं आणि वाळलेले शेंडे या दोन वेगळ्या तक्रारी वाटल्या तरी मूळ एकच आहे, तुम्ही पाणी घालताय ते घड्याळ आणि कॅलेंडर बघून, मातीत हात घालून नाही. चिकणमातीत रोज पाणी म्हणजे नको तेव्हा फार झालं, आणि जमीन गोठायच्या आधी जेव्हा खरंच हवं होतं तेव्हा नळ बंद.

चेरीचं एक लक्षात ठेवा, तिची बहुतेक कामाची मुळं वरच्या 30 ते 45 सेंटीमीटरात असतात, खोल जात नाहीत, आडवी लांब पसरतात. त्यामुळे माती सुकली की तिला लगेच जाणवतं, आणि पाणी साचलं तर त्याहून जास्त जाणवतं. मुळांना हवा लागते हो. चिकणमातीतल्या बारीक फटी पाण्यानं भरल्या की हवा बाहेर, मुळं गुदमरतात, मग तिथे फायटॉफ्थोरासारखी कूज शिरते. आणि गुदमरलेली मुळं पाणी ओढू शकत नाहीत म्हणून पानं मलूल दिसतात, आपल्याला वाटतं तहान लागली, आपण अजून एक बादली ओततो. या चक्रात तहानेपेक्षा जास्त चेऱ्या मरतात असं माझं स्पष्ट मत आहे. वॉशिंग्टनच्या टायडल बेसिन या तलावाभोवतीच्या चेऱ्या सगळ्यांनी फोटोत तरी बघितल्या असतील, 1912 मध्ये टोकियोहून भेट आलेल्या झाडांनी तिथली सुरुवात झाली. तिथला बांध खचत गेला आणि भरतीचं पाणी वर येऊन मुळांत शिरायला लागलं, शेवटी 2024 मध्ये बांध नव्यानं बांधायला घेतला तेव्हा शंभराहून जास्त चेरीची झाडं काढावी लागली. पाण्याच्या काठावर राहायला तिला आवडतं, पाण्यात पाय बुडवून नाही.

पिवळं पान बघून कारण ओळखता येतं का, तर थोडंफार येतं. कोरडेपणानं त्रास होत असेल तर पान कडेनं तपकिरी आणि कुरकुरीत होतं, आत वळतं. पाणी जास्त झालं तर अख्खं पान फिकट पिवळं पडतं, मऊच राहतं आणि अलगद गळतं. तुम्ही "पिवळी पडून गळत राहिली" लिहिलंय, कुरकुरीत म्हटलेलं नाही. अजून एक बघायचं राहिलंय, खाली पडलेली पानं उचलून उजेडात धरा, त्यावर जांभळट तपकिरी बारीक ठिपके आणि काही ठिकाणी ठिपका गळून पडलेली भोकं दिसली तर ती लीफ स्पॉटची बुरशी, आणि तिला रोजचा स्प्रिंकलर म्हणजे आयतं आमंत्रण, कारण तिला ओलं पान हवं असतं. तशी असतील तर पडलेली पानं सगळी गोळा करून फेकून द्या, झाडाखाली राहू देऊ नका, पुढच्या वसंतात बुरशी तिथूनच वर चढते. आणि काहीही निघालं तरी लॉनच्या स्प्रिंकलरचं तोंड फिरवा किंवा तो नोझल बंद करा, चेरीच्या पानांवर पाणी उडता कामा नये, तिला पाणी द्यायचं ते जमिनीवर.

आता मातीत हात घालायचं काम. खुरपं घ्या, झाडापासून फूट-दीड फुटावर साधारण 15 सेंटीमीटर खोल उकरा आणि तळाची मूठभर माती काढून दाबा. दाबल्यावर गोळा झाला आणि अंगठ्यानं ढकलल्यावर फुटला तर वाफसा आहे, म्हणजे ओल पुरेशी आणि हवाही खेळती, पाणी नको. गोळा चकाकतोय, हाताला चिकटतोय, बोटांत धरून लांब पट्टी निघतेय, तर माती फार ओली आहे, आठवडाभर तिकडे फिरकू नका. गोळाच होत नाही, भुगा होतो किंवा दगडासारखं ढेकूळ निघतं, तर पाणी द्या. हे दोन वेगळ्या ठिकाणी करा, एकदा नर्सरीतून आलेल्या मूळच्या मातीच्या गड्ड्याच्या कडेला आणि एकदा त्याच्या बाहेर, कारण नव्या झाडात बऱ्याचदा गड्डा कोरडा आणि भोवतालची चिकणमाती ओली असा उलटसुलट प्रकार असतो, नर्सरीची माती हलकी असते ती पटकन सुकते. उकरताना आंबूस, कुजकट वास आला तर तिथे निचराच नाही असं समजा. खात्री करायची तर थोडं लांब 30 सेंटीमीटर खोल खड्डा खणून पाण्यानं भरा, तो जिरू द्या, परत भरा आणि दुसऱ्या वेळी पाणी किती वेळात उतरतं ते बघा. तासाला अडीच सेंटीमीटर उतरलं तरी ठीक आहे, पण सकाळी भरलेला खड्डा संध्याकाळी तसाच असेल तर पाणी कितीही जपून घातलं तरी झाड तिथे सुखी होणार नाही, मग झाड अजून लहान आहे तोवर थोडं उंच करून, वरंब्यावर हलवायचा विचार करा, आणि तेसुद्धा पानं नसताना.

निचरा बरा निघाला असं धरून पुढे जाऊ. तुमची पानगळ आता सुरू आहे म्हणजे अजून वेळ हातात आहे. पानं गळत असताना झाडाची पाण्याची गरज खूप कमी होते हे खरं, तुमचे सगळे सल्लागार तेवढ्यापुरते बरोबर आहेत, पण कमी म्हणजे शून्य नव्हे. वरचं झाड झोपलं तरी माती गोठेपर्यंत मुळांचं काम चालू राहतं, खास करून नव्या झाडाचं, त्याला अजून गड्ड्याबाहेर पसरायचंय. मग जमीन गोठते. गोठलेल्या जमिनीतून मुळं पाणी ओढू शकत नाहीत, आणि वर मात्र उन्हाचा दिवस आणि कोरडा वारा बारीक फांद्यांतून, कळ्यांतून थोडंथोडं पाणी काढत राहतो, पानं नसली तरी. अख्ख्या हिवाळ्याचा हा खर्च झाडानं आधी भरून घेतलेल्या साठ्यातून चालतो. गेल्या वर्षी तुम्ही पानगळीलाच नळ बंद केला, जमीन गोठेपर्यंतचे ते आठवडे कोरडे गेले असणार, झाड रिकाम्या हातानं हिवाळ्यात गेलं आणि सगळ्यात वरचे, वाऱ्यात असलेले शेंडे आधी वाळले. कळ्यापण त्याच शेंड्यांवर होत्या.

दुसरं कारण मातीच्या आतलं आहे. कोरडी माती लवकर आणि खोलवर गार होते, ओली माती उष्णता जास्त धरून ठेवते, हळू गोठते. मुळं फांद्यांइतकी थंडी सोसत नाहीत, फांद्या उणे 20 काढतील पण मुळांची हद्द त्याच्या बरीच अलीकडे संपते, आणि चेरीची मुळं वरच्याच थरात. म्हणून गोठायच्या आधी माती व्यवस्थित ओली (चिखल नाही, ओली) असणं हे पांघरूणच आहे असं समजा.

तर करायचं काय, आत्ता पानगळ चालू असताना रोजचं पाणी पूर्ण बंद, आठवड्यातून एकदा माती तपासायची आणि सुकली असेल तरच द्यायचं. पानं सगळी गळाली, रात्री पारा शून्याखाली जायला लागला पण जमीन अजून खुरप्यानं सहज उकरता येतेय, तेव्हा एक भरपूर शेवटचं पाणी द्या, सुकलेल्या जमिनीत हं, आठवडाभर पाऊस पडून गेला असेल तर ते तुमचं काम पावसानंच केलं. किती, तर खोडाच्या दर सेंटीमीटर जाडीला 15 लिटर हा हिशोब बरा पडतो, म्हणजे तुमच्या झाडाला 60 लिटर. हे एका दमात ओतू नका, चिकणमातीवरून अर्धं वाहून लॉनमध्ये जाईल. पाईपची धार अगदी बारीक, करंगळीएवढीसुद्धा नको, त्याहून कमी ठेवून तासभर सोडा, मग पाईप दुसऱ्या बाजूला सरकवा, किंवा अर्धं आज आणि अर्धं उद्या. सोकर होज (अंगभर पाणी झिरपवणारा पाईप) असेल तर उत्तमच, गोल वेटोळं करून ठेवा. बुंध्याला लागून पाणी नको, बुंध्यापासून हातभर लांब सुरू करून फांद्या संपतात तिथपर्यंत आणि थोडं पलीकडे, पाणी पिणारी बारीक मुळं तिकडे आहेत, बुंध्याशी नुसता खांब आहे. काम झालं की पाईप मोकळा करून आत आणा, गोठून फुटतो.

झाडाला गुंडाळायच्या त्या हिरव्या वॉटरिंग बॅगा मिळतात त्या मला चेरीवर फारशा आवडत नाहीत. उन्हाळ्यात नव्या झाडाला कामाच्या आहेत हे मान्य, पण लोक त्या महिनोनमहिने तशाच ठेवतात, आत साल सतत दमट राहते, किडे शिरतात, आणि थंडीत पाणी राहिलं तर खोडाभोवती बर्फाचा पट्टा. असेल तर आत्ताच काढा.

शेवटच्या पाण्यानंतर मल्च, म्हणजे मातीवर पसरायचं आच्छादन. लाकडाचे किंवा सालीचे तुकडे, 5 ते 10 सेंटीमीटर जाड, बुंध्यापासून चार बोटं तरी लांब. लोक झाडाभोवती मल्चचा डोंगर रचतात, बुंधा त्यात गाडतात, कलमाचा सांधासुद्धा दिसेनासा होतो, ते करू नका, साल कुजते आणि उंदरांना हिवाळ्यात ऊबदार घर आणि कुरतडायला ताजी साल दोन्ही मिळतं. सालीचा पूर्ण गोल कुरतडला तर झाड संपलंच. खोडाभोवती बारीक तारेची जाळी सैल गुंडाळून खालचं टोक दोन बोटं मातीत खोचा. आणि झाडाभोवतीचं लॉन मीटरभर तरी काढून टाका, गवताची मुळं त्याच वरच्या थरात असतात, पाण्याचा पहिला घोट तेच पितात.

हिवाळ्यात काय, तर बर्फ पडून राहिला असेल तर काहीही करायचं नाही, आरामात आत बसा. बर्फ पांघरूणही आहे आणि वितळेल तेव्हा पाणीही, साधारण 10 सेंटीमीटर भुसभुशीत बर्फ म्हणजे 1 सेंटीमीटर पाणी. उलट काही हिवाळे कोरडे जातात, तीन-चार आठवडे ना बर्फ ना पाऊस, वारा मात्र चालू, आणि मधेच एखादा आठवडा पारा वर येतो. अशा वेळी दुपारी हवा 4-5 अंशांच्या वर असेल आणि जमीन उकरता येत असेल तर एक पाणी द्या, भर दुपारी, म्हणजे रात्री गोठायच्या आत ते जिरतं. महिन्यातून एकदा, फार तर दोनदा. शेजारणीचं "हिवाळाभर घाल" एवढ्यापुरतंच खरं आहे. जमीन गोठलेली असताना वरून पाणी ओतलं तर ते आत जात नाही, बुंध्याभोवती बर्फाची कडी तयार होते आणि सालीला इजा करते. गरम पाणी ओतून जमीन वितळवायचे सल्ले फिरत असतात, कृपा करून तसलं काही करू नका.

अंगणातला बर्फ उचलून झाडाखाली टाकायला हरकत नाही पण रस्त्याचा, वाटेचा मीठ टाकलेला बर्फ नको. मीठ मातीत उतरलं की ओल्या मातीतूनही मुळांना पाणी ओढता येत नाही, वसंतात पानं कडेनं जळल्यासारखी दिसतात आणि मग आपण परत पाण्याला दोष देतो.

दुपारचं ऊन खोडाच्या ज्या बाजूला पडतं तिकडेही एकदा बघा. चेरीची साल पातळ आणि गडद, थंडीतल्या उन्हात ती बाजू तापते, आतल्या पेशी जाग्या होतात आणि सूर्य ढळला की एकदम गोठतात, मग साल उभी फाटते. नव्या झाडाला थंडीपुरतं पांढरं ट्री रॅप गुंडाळा आणि वसंतात आठवणीनं काढा. कोरड्या झाडाची साल जास्त फाटते, म्हणून हेही पाण्याच्याच खात्यात.

वसंतात बर्फ वितळला की हात शिवशिवतात, लगेच पाणी घालावंसं वाटतं. चिकणमातीत तो वर्षातला सगळ्यात ओला काळ असतो, तेव्हा अजिबात नको, माती तपासत राहा. खरी गरज फुलं झडून पानं मोठी व्हायला लागली की सुरू होते आणि उन्हाळाभर टिकते. तेव्हा आठवड्याला पाऊस धरून अडीच सेंटीमीटर पाणी पुरतं, म्हणजे एका चौरस मीटरला 25 लिटर, तुमच्या झाडाला 40 ते 50 लिटर आठवड्याला एकदा, फार उन्हं असतील तर दोनदा विभागून. एक सरळ उभ्या बाजूंचा डबा उघड्यावर ठेवा, त्यात पावसाचं किती साठलं ते पट्टीनं मोजा आणि तेवढं वजा करा. तुमची रोजची बादली 10 लिटरची धरली तर आठवड्याला 70 लिटर, वर स्प्रिंकलर वेगळा, आणि एकदाही माती सुकायला उसंत नाही.

उन्हाळ्याच्या पाण्यावर मी एवढं लिहितेय त्याचं कारण फुलं. पुढच्या वसंतात फुलणारी कळी या वर्षीच्या उन्हाळ्यातच फांदीवर तयार होते, फुलं बघून झाली की आपलं झाडाकडे दुर्लक्ष होतं नेमकं तेव्हा. त्या काळात झाड तहानलं किंवा तुमच्यासारखं बुडालं तर कळ्या कमी धरतात, आणि ते कळतं आठ-दहा महिन्यांनी. तुमची फुलं मोजकी आली त्यात हिवाळ्याचा वाटा आहेच पण त्याच्या आधीचा उन्हाळाही तपासायला हवा. आणि या वर्षी झाडानं पानं लवकर टाकलीत म्हणजे येत्या बहराकडून फार अपेक्षा ठेवू नका, त्याच्या पुढच्या वर्षी बघू. उन्हाळा संपता संपता नत्राचं खत मात्र घालू नका, लॉनला टाकतात तेसुद्धा झाडाजवळ नको, कोवळे शेंडे फुटतात आणि ते पक्के व्हायच्या आधीच थंडीत जातात.

वाळलेल्या शेंड्यांचं, नखानं साल जरा खरवडा, आत हिरवं आणि ओलसर दिसलं तर फांदी जिवंत आहे, तपकिरी आणि कोरडं असेल तर मेलेली. वरून खाली येत जा, हिरवं लागेल तिथे थांबा आणि खूण म्हणून दोरा बांधा. कापायची घाई आत्ता करू नका. चेरी थंडीत आणि पावसाळी हवेत कापली की जखमेतून सिल्व्हर लीफ आणि कँकर (साल-लाकूड मारणारे रोग) शिरतात, फुलं होऊन गेल्यावर उन्हाळ्यातला सलग कोरडा आठवडा बघून कापा.

डिंकाचा थेंब एकच असेल, मधासारखा स्वच्छ, आणि त्याखालची साल घट्ट असेल तर ते झाडाला ताण आल्याचं लक्षण, पाणी सुधारलं की बहुतेक थांबतं. पण थेंबाभोवती साल दबलेली, काळपट, दाबल्यावर मऊ लागत असेल तर कँकर, आणि डिंकात लाकडाचा भुसा मिसळलेला दिसला तर आत खोडकिडा आहे. या दोन्हीत पाणी काही करू शकत नाही, जवळून फोटो काढून एखाद्या झाडांच्या जाणकाराला दाखवा.

कुंडीतली चेरी बाहेर ठेवू नका, जमिनीत मुळांना खालून ऊब असते, कुंडीत चारी बाजूंनी गारठा. पण प्रेमापोटी हॉलमध्येही आणू नका, तिला हिवाळ्याची थंडी मिळाली नाही तर कळ्या नीट उघडणार नाहीत. हीटर नसलेलं गॅरेज किंवा शेड, जिथे पारा शून्य ते सातच्या मधे राहतो, ते बरं. तिथे ऊन-वारा नसतो म्हणून पाणी फार लागत नाही, दोन-तीन आठवड्यांनी बोट घालून बघा, वरची 4-5 सेंटीमीटर माती कोरडी असेल आणि गोठलेली नसेल तर ओल येईल इतपत, कपभर दोन कप. खालची ताटली काढून टाका, भोकं तुंबून ओली माती गोठली की कुंडी तडकते.